माहितीचे विश्वस्त

भंडारदऱ्याला वर्षातून दोन वेळा विशेष गर्दी लोटते. मेअखेरीस आणि जूनच्या आरंभी काजवे पाहण्यासाठी, आणि त्यानंतर पावसाळ्यात रंधा धबधबा, रतनवाडीचे अमृतेश्वर मंदिर व कळसूबाईचे शिखर यांच्या ओढीने. प्रवरेवरील विल्सन धरण १९२६ साली पूर्ण झाले, तेव्हापासून या जलाशयाकाठी पाहुणे येत आहेत. पूर्वी विश्रामगृहात एक जाडजूड नोंदवही असे. पाहुण्याने तीत आपले नाव, गाव व येण्याचे कारण लिहावयाचे, खाली सही करावयाची, आणि वही मिटून कपाटात जावयाची. आता शेंडी, मुरशेत, पांजरे या गावांतील तरुण जलाशयाकाठी तंबू उभारतात, घरगुती निवास चालवतात. मुंबई-पुण्याहून दूरध्वनी येतो, दर ठरतो आणि पाठोपाठ निरोप जातो, “दादा, सगळ्यांचे आधार कार्ड व्हॉट्सॲपवर पाठवून द्या.” दहा जणांचा गट असेल तर दहा आधार कार्डांची छायाचित्रे एका क्षणात त्या तरुणाच्या मोबाइलमध्ये येतात. रविवारी पाहुणे परततात. छायाचित्रे मात्र तेथेच राहतात.

त्या तरुणाच्या मनात काही वाईट नसते. ओळख पटवली पाहिजे, पोलिसांनी विचारले तर उत्तर देता आले पाहिजे, एवढाच त्याचा हेतू. परंतु एका हंगामात शेकडो अनोळखी कुटुंबांची नावे, जन्मतारखा, पत्ते व आधार क्रमांक त्याच्या खिशात जमा होतात. तो मोबाइल हरवला, दुरुस्तीला दिला किंवा विकला तर काय होईल, याचा विचार ना देणाऱ्याने केलेला असतो, ना घेणाऱ्याने. जी गोष्ट भंडारदऱ्याच्या तंबूवाल्याची, तीच थोड्याफार फरकाने शहरातील रुग्णालयाची, शाळेची, कापड दुकानाची, गृहनिर्माण संस्थेची आणि आपल्या समाजसंस्थांचीही आहे. म्हणून या विषयाकडे जरा सविस्तर पाहू.

बँकेचा जुना दंडक

माझी सारी नोकरी राष्ट्रीयीकृत बँकेत झाली. रुजू होताना पगाराच्या कागदाआधी ज्या कागदावर सही करावी लागे तो होता निष्ठा आणि गुप्ततेच्या प्रतिज्ञेचा. बँक राष्ट्रीयीकरणाच्या १९७० च्या कायद्यातच हे कलम आहे. बँकेने आपल्या ग्राहकांच्या व्यवहारांविषयी गुप्तता पाळावी आणि तेथे काम करणाऱ्या प्रत्येकाने तशी प्रतिज्ञा करावी, असे कायदा सांगतो.

या दंडकामागे एक जुना इंग्लिश खटला आहे. बँकिंगच्या परीक्षेला बसलेला प्रत्येक जण तो पाठ करतो. टूर्निए नावाच्या ग्राहकाने बँकेचे थोडे पैसे थकवले होते. त्याचा पत्ता मिळावा म्हणून शाखाधिकाऱ्याने त्याच्या मालकाला दूरध्वनी केला आणि बोलण्याच्या ओघात, याचे धनादेश घोड्यांच्या शर्यतीवर पैज घेणाऱ्याकडे जातात, असे सांगून टाकले. टूर्निएची नोकरी गेली. १९२४ साली प्रसिद्ध झालेल्या या निकालात न्यायालयाने ठरवले, की ग्राहकाची माहिती गुप्त ठेवणे हे बँकेचे केवळ सौजन्य नव्हे, ते कर्तव्य आहे. अपवाद चारच : कायद्याची सक्ती, सार्वजनिक हिताचे कर्तव्य, बँकेचे स्वतःचे न्याय्य हित आणि ग्राहकाची संमती.

पुस्तकातील हा निकाल प्रत्यक्षात कसा उतरतो हे मला अकोले तालुक्यातील एका ग्रामीण शाखेत पाहावयास मिळाले. ते दिवस एकात्मिक ग्रामीण विकास कार्यक्रमाचे होते. डोंगरावरच्या वाड्यांतील आदिवासी शेतकऱ्यांना दुभत्या जनावरांसाठी कर्जे दिली जात. बाजाराच्या दिवशी एक व्यापारी शाखेत आले, चहा मागवला आणि सहज विचारल्यासारखे म्हणाले, “साहेब, अमक्याचे कर्ज कधी सुटणार? आमची थोडी बाकी आहे त्याच्याकडे.” आमचे शाखाधिकारी वयाने व अनुभवाने मोठे होते. त्यांनी चहाचे पैसे स्वतः दिले आणि शांतपणे म्हणाले, “शेठ, त्याच्या खात्याचं त्यालाच विचारा. उद्या तुमच्या खात्याचं कुणी विचारलं, तरी मी हेच सांगेन.” व्यापाऱ्यांना प्रथम राग आला असावा. पण त्यांनी आपले खाते आमच्याच शाखेत ठेवले. पुढे त्यांच्या भावांनीही तेथेच खाती उघडली.

त्या काळी माहिती जड होती. लेजर दोन हातांनी उचलावे लागे. नमुना सहीची कार्डे कुलपात असत. कोणी माहिती चोरू म्हटले, तरी तिची नक्कल करावयास रात्र जागावी लागली असती. संगणक आला आणि माहितीचे वजन नाहीसे झाले. एका शाखेतील नव्हे, तर साऱ्या देशातील खाती एका पडद्यावर दिसू लागली. सोय अपार झाली आणि जबाबदारीही त्याच प्रमाणात वाढली. सोयीचा स्वीकार आपण चटकन केला, जबाबदारीचा मात्र सावकाश.

विश्वास ढळतो तेव्हा

महाराष्ट्रातच घडलेली दोन प्रकरणे या संदर्भात आठवावीत. पहिले २००५ चे. पुण्यातील एमफसिस या कंपनीच्या सेवाकेंद्रातून सिटीबँकेच्या अमेरिकी ग्राहकांना दूरध्वनीवर मदत केली जाई. तेथे काम केलेल्या काही जणांनी ग्राहकांशी गोड बोलून त्यांचे गुप्त क्रमांक मिळवले आणि सुमारे साडेतीन लाख डॉलर पुण्यातील खात्यांकडे वळवले. एप्रिल २००५ मध्ये पोलिसांनी त्यांना पकडले. कुलपे, पहारे व कॅमेरे सारे तेथे होते, पण चोरी आतल्या माणसाच्या स्मरणशक्तीतून झाली.

दुसरे प्रकरण ऑगस्ट २०१८ चे. पुण्याच्या कॉसमॉस सहकारी बँकेच्या यंत्रणेत घातक संगणकप्रणाली शिरवण्यात आली. ११ ऑगस्टला काही तासांत बनावट कार्डांनी भारतासह अनेक देशांतील एटीएममधून पैसे काढले गेले. १३ ऑगस्टला आणखी सुमारे १३ कोटी ९२ लाख रुपये हाँगकाँगच्या एका खात्यात गेले. एकूण हानी ९४ कोटींहून अधिक होती. १९०६ साली स्थापन झालेल्या, सचोटीचा लौकिक असलेल्या बँकेवर हा प्रसंग ओढवला. ग्राहकांच्या ठेवी सुरक्षित असल्याचे बँकेने तत्काळ जाहीर केले आणि पुढे २०२३ मध्ये पुण्याच्या न्यायालयाने ११ आरोपींना शिक्षाही सुनावली. पण एवढ्या मोठ्या संस्थेवर जर हे संकट येऊ शकते, तर मोबाइलमधील एका उघड्या फोल्डरचे संरक्षण ते किती असणार?

या दोन प्रकरणांतून एक गोष्ट स्पष्ट होते. माहिती दोन वाटांनी जाते, आतल्या माणसाकडून किंवा बाहेरच्या हल्लेखोराकडून. दोन्हींवर पहिला उपाय एकच आहे : जी माहिती गरजेची नाही ती गोळाच करू नये, आणि काम संपले की ती जवळ ठेवू नये. जे आपल्यापाशी नाही ते चोरीला जाऊ शकत नाही. संग्रहाला मर्यादा हवी, हे या मासिकाच्या वाचकांना निराळे सांगावयास नको.

परदेशातील धडा

आमची धाकटी कन्या व जावई बारा वर्षांपूर्वी जर्मनीत फ्रँकफर्टला स्थायिक झाले. मुले परदेशी गेली, की आईवडिलांनाही कागदपत्रांचा अभ्यास होतो. आम्ही उभयता प्रथम त्यांच्याकडे जावयास निघालो तेव्हा व्हिसासाठी सहा महिन्यांचे खातेउतारे, निवृत्तिवेतनाचे पत्र, प्राप्तिकर विवरणे व घराचे कागद अशी चळत तयार झाली. अर्ज भरून देणाऱ्या एका मध्यस्थाकडे ती सोपवली. महिन्याभरात प्रवास विमा, परकीय चलन, परदेशात घर अशा सर्व गोष्टी विकणाऱ्यांचे दूरध्वनी सुरू झाले. एकाने तर आमची प्रवासाची तारीखही बिनचूक सांगितली. ती आम्ही घरच्यांखेरीज फक्त त्या मध्यस्थाला सांगितली होती. तक्रार केली तेव्हा उत्तर मिळाले, “काका, आजकाल सगळ्यांची माहिती सगळ्यांकडे असतेच.”

जर्मनीत पोहोचल्यावर मात्र वेगळाच अनुभव आला. तेथे नव्याने राहावयास येणाऱ्या प्रत्येकाला दोन आठवड्यांत आपला पत्ता नगर कार्यालयात नोंदवावा लागतो. म्हणजे शासन माहिती घेते, आणि काटेकोरपणे घेते. पण ती कशासाठी, किती काळ आणि कोणाला दिली जाईल, हे छापील कागदावर सांगते. माझी कन्या तेथील एका प्राथमिक शाळेच्या दुपारच्या वर्गात मुलांना शिकवते. सहलीचे एक छायाचित्र शाळेच्या पत्रकात छापावयाचे, तर प्रत्येक मुलाच्या पालकांची लेखी संमती लागते. तिच्या वर्गातील दोन पालकांनी नकार दिला. त्यांना कोणी कारण विचारले नाही, की टोमणा मारला नाही. त्या दोन मुलांना घेतले नाही असे दुसरे छायाचित्र काढले गेले, आणि विषय संपला.

ही सावधगिरी त्या समाजाला फुकट मिळालेली नाही. नाझी राजवटीने लोकांच्या नोंदींचा उपयोग माणसे हुडकण्यासाठी केला. शेजारच्या नेदरलँड्समध्ये लोकसंख्येच्या नोंदवह्या इतक्या व्यवस्थित होत्या, की ज्यू कुटुंबे शोधणे सोपे गेले. म्हणूनच मार्च १९४३ मध्ये तेथील प्रतिकारकांनी ॲम्स्टरडॅमचे नोंदणी कार्यालय पेटवून दिले. ज्या हेसे राज्यात फ्रँकफर्ट आहे, त्याच राज्याने १९७० साली जगातील पहिला माहिती संरक्षण कायदा केला. १९८३ साली जनगणनेच्या प्रकरणात जर्मन घटना न्यायालयाने म्हटले, की आपल्या माहितीचे काय व्हावे हे ठरवण्याचा अधिकार त्या व्यक्तीचा आहे. नोंदवही उत्तम असणे पुरेसे नाही. ती उद्या कोणाच्या हाती जाईल, याचाही विचार आज करावा लागतो, हा धडा मी तेथून घेऊन आलो.

वर्गातील धडा

निवृत्तीनंतर मी भंडारदरा परिसरातील एका आश्रमशाळेत नववी-दहावीच्या मुलांना अधूनमधून बँक व्यवहार शिकवतो. एकदा एक प्रयोग केला. मुलांना कोऱ्या कागदावर एक नमुना उतरवून घेण्यास सांगितले : पूर्ण नाव, आईचे नाव, जन्मतारीख, घरचा मोबाइल क्रमांक, आधार क्रमांक, बँक खाते क्रमांक. मुलांनी मुकाट्याने जे जे येत होते ते सारे भरले. कोणीही एक प्रश्न विचारला नाही. शेवटी मीच विचारले, “हे मी का मागितलं, असं कुणाच्या मनात आलं नाही?” मागच्या बाकावरचा एक मुलगा उभा राहून म्हणाला, “सर, फॉर्म आला की भरायचा असतो.”

वर्ग हसला. पण त्या उत्तरात मला आपल्या सर्वांचे चित्र दिसले. शाळेत प्रवेश, शिष्यवृत्ती, जातीचा दाखला, शिधापत्रिका, पंचनामा, या मुलांच्या घरात कागद म्हणजे भरून द्यावयाची वस्तू. प्रश्न विचारला तर काम अडेल, ही भीती पिढ्यांची आहे, आणि ती निराधारही नाही. ते सर्व कागद मुलांनी तेथेच फाडले. त्यानंतर आम्ही फळ्यावर चार प्रश्न लिहिले. ही माहिती कशासाठी हवी? न दिल्यास काय अडेल? ती कोण पाहील? काम झाल्यावर तिचे काय होईल? पुढच्या महिन्यात पुन्हा गेलो तेव्हा मी हजेरीपटावर मुलांचे मोबाइल क्रमांक मागितले. तिसऱ्या रांगेतील मुलगी म्हणाली, “सर, हजेरीला नंबर कशाला?” त्या दिवशी शिकवण्याचे सार्थक वाटले.

शाळांनीही या प्रश्नांकडे लक्ष द्यावे. विद्यार्थ्यांची माहिती ‘सरल’ व ‘यूडायस’सारख्या शासकीय प्रणालींत जाते, ते आवश्यक असेल. पण त्यासाठी आधारच्या छायाप्रतींचे गठ्ठे उघड्या कपाटात ठेवणे किंवा साऱ्या वर्गाची यादी पालकांच्या व्हॉट्सॲप गटात टाकणे आवश्यक नाही.

कायदा काय सांगतो

२४ ऑगस्ट २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी एकमताने निर्णय दिला, की खासगीपणा हा घटनेने दिलेला मूलभूत हक्क आहे. निवृत्त न्यायमूर्ती पुट्टस्वामी यांच्या याचिकेवरील या निकालाचे मुख्य लेखन न्या. धनंजय चंद्रचूड यांनी केले. ते करताना आणीबाणीच्या काळातील ज्या निकालात त्यांचे पिताजी न्या. यशवंत चंद्रचूड सहभागी होते, तो निकालही चुकीचा ठरवण्यात आला.

त्यानंतर संसदेने २०२३ मध्ये डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायदा केला आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये त्याचे नियम अधिसूचित झाले. संस्थांवरील मुख्य जबाबदाऱ्या त्यानंतर अठरा महिन्यांनी लागू होण्याची तरतूद आहे. या कायद्याने माहिती गोळा करणाऱ्या संस्थेला जे इंग्रजी नाव दिले आहे, त्याचा अर्थ ‘विश्वस्त’ असा होतो. मालक नव्हे. मंदिराचा विश्वस्त जसा देवद्रव्याचा मालक नसतो, तशी ही संस्था आपल्या माहितीची मालक नाही.

या विश्वस्तावर कायद्याने घातलेली बंधने साध्या शब्दांत अशी. माहिती कशासाठी हवी ते आधी स्पष्ट सांगावे. ही सूचना मराठीसह आठव्या अनुसूचीतील कोणत्याही भाषेत वाचण्याची सोय असावी. संमती मोकळी असावी आणि ती देणे जितके सोपे तितकेच मागे घेणेही सोपे असावे. हेतू संपला, आणि अन्य कायद्याने ठेवण्याची सक्ती नसेल, तर माहिती पुसून टाकावी. अठरा वर्षांखालील मुलांच्या माहितीसाठी पालकांची पडताळणीयोग्य संमती घ्यावी. माहिती फुटली तर संबंधित व्यक्तीला आणि माहिती संरक्षण मंडळाला कळवावे. पुरेशी सुरक्षा न ठेवल्यास २५० कोटी रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो.

बँक ग्राहकांसाठी आणखी एक गोष्ट लक्षात ठेवण्याजोगी आहे. रिझर्व्ह बँकेने जुलै २०१७ च्या परिपत्रकाने दंडक घातला, की चूक बँकेचीही नाही आणि ग्राहकाचीही नाही अशा फसवणुकीत ग्राहकाने तीन कामकाजाच्या दिवसांत बँकेला कळवले, तर त्याच्यावर हानीचा भार पडत नाही. म्हणून संकोच न करता त्वरित बँकेला आणि १९३० या क्रमांकावर कळवावे. ज्येष्ठ मंडळी ‘मुले रागावतील’ म्हणून दोन दिवस गप्प बसतात, आणि नेमके तेच दोन दिवस मोलाचे असतात.

आपल्या हाती काय आहे

भंडारदऱ्यातील यजमानांना माझे सांगणे असे, की ओळख पटवा, पण साठवू नका. पाहुणा आला की ओळखपत्र डोळ्यांनी पाहावे, वहीत नाव, गाव व मोबाइल लिहावा, बस्स. आगाऊ ओळख हवीच असेल तर झाकलेला आधार मागावा. त्यात क्रमांकाचे शेवटचे चारच अंक दिसतात आणि प्राधिकरणाच्या संकेतस्थळावरून तो कोणालाही काढता येतो. वाहन परवाना किंवा मतदार ओळखपत्रही चालते. पाहुणे गेल्यावर छायाचित्रे पुसावीत. ‘आम्ही आपली कागदपत्रे मोबाइलमध्ये ठेवत नाही’ अशी एक ओळ आपल्या जाहिरातीत घातली, तर सावध कुटुंबे आपल्याकडेच येतील.

आता आपल्या घरातील गोष्ट. गावोगावी आपल्या समाजाच्या परिचय पुस्तिका निघतात, वधू-वर सूचीही निघतात. कार्यकर्ते निःस्वार्थ भावनेने, रात्री जागून हे काम करतात, आणि त्यातून असंख्य विवाह जुळले आहेत. पण एका पानावर काय छापलेले असते ते पाहा : पूर्ण नाव, जन्मतारीख व वेळ, पत्ता, वडिलांचा मोबाइल, नोकरीचे ठिकाण, वार्षिक उत्पन्न आणि मामाचे आडनाव. बँकेत दूरध्वनीवर ओळख पटवताना वर्षानुवर्षे जे प्रश्न विचारले जात, त्यांत जन्मतारीख आणि आईचे माहेरचे आडनाव हे नेहमीचे. म्हणजे कुलपाची किल्ली आपणच छापून वाटतो. पूर्वी ही पुस्तिका पाचशे घरांत जाई आणि तेथेच राही. आज तिची पीडीएफ प्रत संध्याकाळपर्यंत कोठे पोहोचेल ते कोणी सांगू शकत नाही. मुलीचा विवाह होऊन सहा वर्षे झाली तरी तिचे छायाचित्र व क्रमांक समूहांतून फिरत राहतो, अशा तक्रारी अनेक घरांतून मी ऐकल्या आहेत.

पुस्तिका बंद करावी असे मी मुळीच म्हणत नाही. एवढेच सुचवतो. छापील सूचीत जन्मवर्ष पुरे, पूर्ण तारीख व वेळ दोन्ही कुटुंबांची बोलणी सुरू झाल्यावर द्यावी. उत्पन्न व घरचा पत्ता छापू नये. संपर्क एका कार्यकर्त्यामार्फत व्हावा. संमतीच्या अर्जावर पालकांबरोबर मुलाची किंवा मुलीची स्वतःची सही असावी. विवाह ठरल्याचे कळताच नोंद काढावी, आणि हंगाम संपला की भरलेले अर्ज रद्दीत न देता फाडून टाकावेत. माहितीची जबाबदारी एका विश्वस्ताच्या नावे लिहून ठेवावी, म्हणजे विचारणा कोणाकडे करावयाची हे प्रत्येकाला कळेल.

यासाठी मोठा खर्च नाही, संगणकतज्ज्ञही लागत नाही. बहुतेक संस्थांच्या वार्षिक सभा आता जवळ आल्या आहेत. हिशेबपत्रके मंजूर करताना आपण रुपया-पैशाचा ताळा पाहतोच. त्याच सभेत, आपल्या संस्थेकडे कोणाकोणाची कोणती माहिती आहे, ती कोठे आहे आणि ती ठेवण्याची गरज उरली आहे का, एवढे तीन प्रश्न विषयपत्रिकेवर घ्यावेत, ही सर्व पदाधिकाऱ्यांना नम्र विनंती.